खराडीच्या दहा कड्या

भवानी पेठ, पुणे
७ एप्रिल २००५

श्री. श्रीनिवास मेहेंदळे यांस,

माझ्या हातांनी केलेल्या आणि सध्या आपल्या क्लासात असलेल्या वस्तू अशा: सागवानी दांडी एक, लांबी एक मीटर, शून्य ते शंभर खाचा, कोथरूडला. तशीच दुसरी, फणसाच्या लाकडाची, खराडीला. पितळी कड्या साठ, प्रत्येकी पन्नास ग्रॅम, दोन्हीकडे तीस-तीस. दांडी हव्या त्या खाचेला टांगता यावी म्हणून सरकते आकडे दोन. पासंग सहा, म्हणजे रिकामी दांडी आधी सरळ करायची लहान वजनं, जी आपले कोथरूडचे शिक्षक वापरत नाहीत आणि मग दांडीला नावं ठेवतात. सरासरीच्या उदाहरणांची वही एक, उदाहरणं चारशे बारा, अक्षर माझं. त्यातलं एकही कुठल्या पुस्तकातून उचललेलं नाही. मी सातवी पास काटे दुरुस्त करणारा माणूस. कुठून उचलायचं हेसुद्धा मला कुणी शिकवलं नव्हतं.

'माहितीपत्रकासाठी क्लासमधलं आपलं काँट्रिब्युशन दोन ओळींत कळवा' असा आपला निरोप होता. दोन ओळींत बसलं नाही.

आता आपल्या माहितीपत्रकाच्या कच्च्या प्रतीबद्दल. मार्चच्या सराव परीक्षेत दोन्ही शाखांची मिळून गणिताची सरासरी ६९.८, असं आपण छापणार आहात. हा आकडा कसा आला ते शोधायला मला जिना उतरण्याइतकाही वेळ लागला नाही. कोथरूडची सरासरी ७७, खराडीची ६२.६; आपण बेरीज केलीत आणि दोनाने भागलंत. श्रीनिवासराव, आपण बी.एस्सी. आहात. सर्टिफिकेट चौकटीत लावलेलं आहे, चौकट अंमळ डावीकडे कललेली आहे. कोथरूडला मुलं दोनशे, खराडीला शंभर. सत्याहत्तरच्या भावाचा दोनशे किलो आणि बासष्ट-साठच्या भावाचा शंभर किलो माल एकत्र केला आणि भाव काढायला दोनाने भागलं, तर आमच्या पेठेतला भुसारी दुकानदार तुम्हाला गल्ल्यावर बसू देणार नाही.

दोनशे गुणिले सत्याहत्तर, पंधरा हजार चारशे. शंभर गुणिले बासष्ट पूर्णांक सहा, सहा हजार दोनशे साठ. एकूण एकवीस हजार सहाशे साठ. भागिले तीनशे. बहात्तर पूर्णांक दोन. विश्वास नसेल तर दांडी घ्या. दहा मुलांची एक कडी. ७७ ला वीस कड्या, ६२.६ ला दहा. दांडी ७२.२ ला टांगली तरच सरळ राहील. म्हणजे चूक करून आपण स्वतःचेच दोन पूर्णांक चार गुण घालवलेत. लोक आकडा फुगवायला चुका करतात. आपल्याला तेही जमलं नाही.

खराडीच्या दहा कड्या दांडी खाली ओढतात. त्या नसत्या तर आपण सत्याहत्तरला असता. एवढं जरी ध्यानात राहिलं तरी माझं टपालाचं तिकीट वसूल झालं.

अमीन शिकलगार


कोथरूड, पुणे
११ एप्रिल २००५

आदरणीय अमीनभाई,

तुमचं पत्र वाचून आधी राग आला आणि मग हसू. तुम्ही शालजोडीतले देता, पण ते आम्हाला लागतातच. ७२.२ मान्य. चौकटही सरळ केली. फोन केला असता, पण आकड्यांचं तुम्ही फोनवर बोलत नाही, 'बोललेलं नाकारता येतं' म्हणता, म्हणून लिहितो.

तुमच्या शेवटच्या वाक्याने डोळे उघडले. खराडी नसती तर आपण ७७ ला असतो. हे मला पाच वर्षांत कुणी सांगितलं नाही. जूनपासून खराडीची शाखा बंद करतो आहे आणि हिंजवडीला नवीन काढतो आहे. तिथे कंपन्यांमधल्या लोकांची मुलं आहेत, पालक अवेअर आहेत. खराडीच्या तुळजाबाई दरेकर कष्टाळू आहेत, मला व्यक्तिशः वाईट वाटतं, पण शेवटी रिझल्ट इज रिझल्ट.

माहितीपत्रकात ७७ च्या खाली एक ओळ घालायची आहे: 'सरासरीची पडताळणी: श्री. अमीन शिकलगार.' ठळक टाइपात. तुमची हरकत नसेल तर उत्तर नाही पाठवलंत तरी चालेल. मी होकार समजेन.

आपला,
श्रीनिवास


खराडी
२ मे २००५

आदरणीय शिकलगार सर यांना तुळजा दरेकरचा नमस्कार.

तुम्ही मला एकदाच पाहिलं आहे. दोन वर्षांमागं तुम्ही आमच्याकडं दांडी टांगायला आलात. माझे सासरे, गेनबा दरेकर, तुम्हाला जेवून जा म्हणाले, तर तुम्ही म्हणालात, आधी खिळा सरळ बसू दे. खिळा अजून सरळ आहे. क्लास भरतो ती खोली मामंजींचीच.

मला क्लासची नोटीस आली. ३१ मे रोजी खराडी शाखा बंद. सोबत तुमच्या ७ एप्रिलच्या पत्राची झेरॉक्स जोडली आहे आणि 'खराडीच्या दहा कड्या दांडी खाली ओढतात' या वाक्याखाली लाल रेघ आहे. माझी नोकरी गेली तर मी शिवण घेईन. पण माझ्या शंभरातली नव्वद मुलं महानगरपालिकेच्या शाळेतली आहेत. सातवीची शिष्यवृत्ती त्यांच्यातल्या काहींना मिळाली तर ती पुढं शिकणार, नाहीतर नाही. त्यांना इथून कोथरूडला दोन बस बदलून कोण पाठवणार?

नोटीस मी दोनदा वाचली. मग कोथरूडच्या फलकावर लागलेला निकाल उतरवून आणला. त्यात प्रत्येक मुलापुढं शाळेचं नाव असतं. मी दोन्ही शाखांची मुलं दोन-दोन ढिगांत वेगळी केली, इंग्रजी शाळेतली आणि पालिकेच्या शाळेतली.

कोथरूड: इंग्रजी शाळेतली १८०, सरासरी ८०. पालिकेची २०, सरासरी ५०.
खराडी: इंग्रजी शाळेतली १०, सरासरी ८६. पालिकेची ९०, सरासरी ६०.

परीक्षा एक, पेपर एक. इंग्रजी शाळेतली माझी मुलं त्यांच्यापेक्षा सहाने वर. पालिकेच्या शाळेतली माझी मुलं त्यांच्यापेक्षा दहाने वर. दोन्हीकडं मी वर, आणि एकूणात चौदा पूर्णांक चारने खाली. रिकामी दांडी आधी पासंगानं सरळ केली आणि मगच कड्या लावल्या. तीनदा केलं. तेच आलं.

मामंजी ओट्यावर बसून बघत होते. त्यांनी विचारलं, काय तोलतीस? मी सांगितलं. तर म्हणाले, "मोठा कांदा आन् बारकी गोलटी एकाच पोत्यात भरून भाव करतो, तो अडत्या लबाड हाय. काटा कितीबी खरा असू दे."

माझं चुकत असेल तर कुठं ते सांगावं.

तुळजा दरेकर


भवानी पेठ, पुणे
५ मे २००५

तुळजाबाई दरेकर यांस,

पत्र पोचलं. दोन्ही ढिगांत जो वरचढ, तो एकूणात खाली जाऊ शकत नाही. हे समजायला दांडीही लागत नाही. तीस वर्षं मी काटे लावतो आहे. दोन्ही पारड्यांत जड असलेला माल एकत्र करून हलका झालेला मी पाहिलेला नाही. आपण फलकावरून आकडे उतरवताना कुठेतरी ओळ चुकलेली असणार. घरचं बघून शिकवणाऱ्यांचं असं होतं.

७ एप्रिलच्या पत्रातला माझा हिशेब बरोबर आहे. त्यातला शब्दही मी मागे घेणार नाही. त्याचा वापर कुणी कसा केला, हा माझा प्रांत नाही. मी काटा सरळ करून देतो. दुकानात काय विकायचं ते दुकानदार ठरवतो.

गेनबांना नमस्कार. अडत्यांविषयी त्यांचं मत त्यांच्यापाशी.

अमीन शिकलगार


भवानी पेठ, पुणे
१४ मे २००५

तुळजाबाई दरेकर यांस,

माझ्या ५ मेच्या पत्रातलं दुसरं वाक्य खोडावं. त्यापुढची, अडत्यांविषयीच्या वाक्यापर्यंतची सगळीच खोडावीत. माझ्याकडच्या नकलेत मी खोडली आहेत.

ते पत्र मी दांडी न टांगता लिहिलं. आजवर एकही उत्तर मी असं लिहिलेलं नाही, आणि हे लिहिलं ते नेमकं तुम्हाला. नंतर तुमचं पत्र परत वाचताना 'रिकामी दांडी आधी पासंगानं सरळ केली' या ओळीशी अडकलो. जी बाई पासंग आधी लावते, ती फलकावरची ओळ चुकत नाही. कोथरूडला गेलो. निकाल अजून फलकावर होता. नावं मोजली, गुण मिळवले. तुमचा एकही आकडा इकडचा तिकडे नाही.

मग दुकानात, गिऱ्हाइकाचा काटा उतरवून, छताच्या त्याच आकड्याला दुकानातली माझी जुनी दांडी टांगली. त्यांच्या वीस कड्या: अठरा ऐंशीला, दोन पन्नासला. दांडी सत्याहत्तरला सरळ. तुमच्या दहा: एक शहाऐंशीला, नऊ साठला. दांडी बासष्ट पूर्णांक सहाला सरळ. मी ती दिवसभर तशीच ठेवली. नसीमबानू, माझी बायको, दोनदा जेवायला बोलावून गेली. तुमची प्रत्येक कडी त्यांच्या तशाच कडीच्या पुढे टांगलेली आहे. फक्त त्यांच्या विसांतल्या अठरा आधीच उंचावर होत्या आणि तुमच्या दहांतल्या नऊ खालच्या खाचेतून निघाल्या होत्या. सरासरी तुमचं शिकवणं सांगत नव्हती. तुमच्या दारात कोण आलं एवढंच सांगत होती.

हिशेब माझा बरोबर होता. काय तोलतो आहोत ते मी विचारलं नाही. गेनबांना सांगा, या खेपेला अडत्या मी होतो.

आणखी एक लिहायला हवं. शाखा बंद होणार हे मला मेहेंदळ्यांच्या ११ एप्रिलच्या पत्रातूनच कळलं होतं. माहितीपत्रकात माझं नाव ठळक टाइपात येणार होतं. सातवी पास माणसाचं. उत्तर पाठवलं नाही तर होकार समजू, असं त्यांनी लिहिलं होतं. मी उत्तर पाठवलं नाही.

आज पाठवतो आहे.

अमीन शिकलगार


भवानी पेठ, पुणे
१४ मे २००५

श्री. श्रीनिवास मेहेंदळे यांस,

सोबत चार ओळींचा तक्ता जोडला आहे. शाखा, शाळा, मुलांची संख्या, सरासरी. तो माहितीपत्रकात ७७ च्या शेजारी, त्याच टाइपात छापावा. छापायचा नसेल तर माझं नाव काढावं.

तक्ता नीट पाहिलात, बी.एस्सी. असूनही पाहिलात, तर कळेल की आपल्या क्लासातल्या सगळ्यांत चांगल्या शिक्षिकेला आपण घरी पाठवता आहात. पालिकेच्या शाळेतल्या वीस मुलांना कोथरूडच्या आपल्या वातानुकूलित खोलीत पन्नास गुण. तशाच नव्वद मुलांना गेनबांच्या पत्र्याखाली साठ. हिंजवडीला पाटी लावून ही बाई तुम्हाला मिळणार नाही. आपण माझ्या एका वाक्याचा आधार घेतलात. वाक्य मूर्खपणाचं होतं. आपण ते उचललंत, कारण आपल्याला तेवढंच पेलतं.

खराडी शाखा चालू ठेवा. हे विनंती म्हणून लिहिलेलं नाही.

अमीन शिकलगार


कोथरूड, पुणे
१९ मे २००५

आदरणीय अमीनभाई,

तक्ता पाहिला. इंटरेस्टिंग आहे. पण पालक तक्ते वाचत नाहीत, एक आकडा वाचतात. आणि ७७ हा आकडा खोटा नाही. तुम्हीच तपासलेला आहे. मी कुठे एका दशांशानेही वाढवला आहे?

तुळजाबाईंचा तुम्हाला अचानक एवढा कळवळा का, हे मी विचारत नाही. खराडीचा निर्णय झाला आहे. तिथली जागा, तिथली फी, काहीच परवडत नाही.

मात्र तुमच्याविषयी माझ्या मनात मोठा विचार आहे. दांडी आणि वही यांचं किट करून प्रत्येक शाखेत ठेवायचं. हे तुमच्या नावाने व्हावं असं मला मनापासून वाटतं. आकडा पत्रात लिहीत नाही. येत्या रविवारी चहाला या. ऐकायच्या आधी नाही म्हणू नका, एवढंच.

आपला,
श्रीनिवास


भवानी पेठ, पुणे
११ जून २००५

तुळजाबाई दरेकर यांस,

तुमचं ६ तारखेचं पत्र मिळालं. क्लास गेनबांच्या त्याच खोलीत, तुमच्या नावाने सुरू झाला, आणि जुन्या शंभरांपैकी त्र्याण्णव मुलं आली. उरलेल्या सातांची चौकशी करावी. शंभरातून सात हा आकडा लहान दिसतो म्हणून सोडू नये. ती सात कुठल्या ढिगातली आहेत ते आधी पाहावं.

मी कोथरूडला गेलो होतो. चहा घेतला नाही. दांडी, तीस कड्या, तीन पासंग आणि वही घेऊन आलो. मेहेंदळे म्हणाले, या वस्तू क्लासच्या मालकीच्या आहेत. मी त्यांना त्यांच्याच फाइलीतलं माझं ७ एप्रिलचं पत्र काढायला लावलं. काय काय माझ्या हातचं आहे ते त्यांनीच लेखी मागवलं होतं आणि त्यांनीच जपून ठेवलं होतं. कोथरूडला एक गोष्ट नीट लावलेली आढळली, ती ही फाइल. खराडीची दांडी त्याच यादीत आहे. ती आहे तिथेच राहील.

मग त्यांनी दार लावून घेतलं आणि आकडा सांगितला. मी ऐकून घेतला, कारण ऐकायच्या आधी नाही म्हणू नका अशी त्यांची अट होती. ऐकून नाही म्हणालो. त्यांना खरोखर कळेना. त्यांनी विचारलं, "अमीनभाई, सत्याहत्तर खोटं आहे का?"

मी म्हटलं, "नाही."

"मग सही करायला काय हरकत आहे?"

"खोटं असतं तर आज ना उद्या कुणी पकडलं असतं."

यावर ते हसले. मी विनोद केला असं त्यांना वाटलं असावं. त्यांच्या सर्टिफिकेटची चौकट आता डावीकडे नाही, उजवीकडे कलली आहे. मी सांगितलं नाही.

पीएमटीत कंडक्टरने दांडीचं वेगळं तिकीट फाडलं, लांबी एक मीटरच्या वर आहे म्हणून. मोजून दाखवली. बरोबर एक मीटर भरली. मागच्या बाकावरचे दोघे साक्षीला उठले. पैसे परत घेतले.

दर रविवारी साडेनऊला मी खराडीला येईन. तुम्ही लिहिता की मानधन देणं जमणार नाही, फक्त जाण्या-येण्याचं बसभाडं देता येईल. ते द्यावंच लागेल. फुकट आलेल्या माणसाचं पोरंही फुकटच ऐकतात. सरासरी तुम्ही शिकवायची. मी दांडी धरीन आणि तुमचं चुकलं तर मुलांसमोर सांगीन. माझं चुकलं तर तुम्ही तसंच सांगावं. गेनबांनी पहिल्या रविवारी पोतंभर कांदा न निवडता मुलांसमोर ओतावा, एवढी माझी त्यांना विनंती. त्यांच्या वाक्यावरून मी चारशे तेरावं उदाहरण केलं आहे. वहीत त्याखाली त्यांचं नाव आहे. इतर चारशे बारांखाली कुणाचंच नाही, माझंही.

माहितीपत्रक छापून आलं, ते मी पाहिलं. ७७ आहे. माझं नाव नाही. त्या जागेवर हिंजवडीच्या इमारतीचं चित्र आहे.

मेहेंदळ्यांनी मला काहीतरी देऊ केल्याचं तुमच्या कानावर आलं. काय देऊ केलं होतं ते तुम्ही विचारलं आहे, आणि ते विचारणं तुम्हाला आगाऊपणाचं वाटतं. आगाऊपणा नाही. ज्याच्याबरोबर काम करायचं त्याने काय नाकारलं हे माहीत असावं. तर: दांडी आणि वही यांचे सगळे हक्क त्यांना, हिंजवडीच्या दारावर 'गणित विभागप्रमुख' म्हणून माझी पितळी पाटी, आणि सत्याहत्तरच्या खाली माझी एक सही. त्याबद्दल एक लाख ऐंशी हजार रुपये.

अमीन शिकलगार